लिंबू सगळ्यात शेवटी

गेल्या अंकात एका उत्तराच्या शेपटाला मी सहज चार ओळी जोडल्या होत्या. 'उकाड्यात लिंबाचा गार चहा करून बघा. कोरा चहा करा, गार करा, साखर घाला, लिंबू पिळा.' त्या चार ओळींनी मला महिनाभर पुरेल एवढं काम लावलं. आलेल्या पत्रांपैकी निम्म्याहून जास्त पत्रं या चहाचीच. कुणाचा पाणचट झाला, कुणाचा गढूळ, कुणाचा कडूजहर. एका बाईंनी तर सरळ विचारलंय, 'तुम्ही स्वतः हा चहा कधी करून प्यायलात का?'

प्यायलेय हो. पण चूक माझीच. हाताच्या सवयीचं झालेलं काम लिहायला बसलं की नेमकं महत्त्वाचं तेच गाळलं जातं. शिवाय त्या चार ओळींमधला एक क्रम चक्क उलटा होता, तो पुढे येईलच. शाळेच्या प्रयोगशाळेत सत्तावीस वर्षं काढल्यामुळे माझ्या ओट्यावर अजून एक तराजू आणि एक तापमापी असते. पत्रं वाचल्यावर दोन्ही पुसून घेतली आणि आठवडाभर चहाच केला. आमचे हे गरम चहाशिवाय कशाला चहा म्हणत नाहीत. त्यांनी रोज संध्याकाळी 'आजचा प्रयोग फसला असेल तर गरम करून दे' एवढाच अभिप्राय दिला.

प्रश्न : ताई, तुम्ही सांगितल्यासारखा चहा केला, पेला बर्फाने भरून त्यावर ओतला. पहिला घोट बरा लागला, नंतर नुसतं रंगीत पाणी. पावडर वाढवून जास्त उकळला, तर तोंडात धरवेना इतका तुरट. नेमकं काय चुकतंय?

उत्तर : बर्फ म्हणजे गारवा, एवढंच आपल्या डोक्यात असतं. तो शेवटी पाणी आहे आणि ते पाणी आपण हिशेबात धरत नाही. किती पाणी, हे मी मोजून पाहिलं. पाव लिटर चहा, तापमापीवर ८० अंश सेल्सियस, अर्धा किलो बर्फावर ओतला. ढवळून अगदी गार झाल्यावर उरलेला बर्फ गाळणीत काढून वजन केला. जेमतेम ३०० ग्रॅम. म्हणजे २०० ग्रॅम बर्फ चहात विरघळून गेला होता. कागदावर मांडलं तरी उत्तर तेच येतं. एक ग्रॅम पाणी एका अंशाने गार व्हायचं तर एक कॅलरी उष्णता बाहेर पडावी लागते आणि एक ग्रॅम बर्फ वितळताना ८० कॅलरी पोटात घेतो. फ्रीजरमधला बर्फ शून्याच्याही खाली असतो, त्यामुळे आणखी थोडी. गरम चहा बर्फावर ओतला की जवळजवळ तेवढंच पाणी त्यात मिसळतं, असं धरून चाला.

म्हणून चहा आधीच दुप्पट कडक करायचा. पण कडक म्हणजे जास्त उकळलेला नव्हे, इथेच तुमची गाडी घसरली. पत्ती वाढवायची, वेळ नाही. दुधाच्या चहात पत्ती खळखळून उकळली तरी खपून जातं, कारण दुधातली प्रथिनं तुरटपणाला धरून ठेवतात. कोऱ्या चहात झाकायला कुणी नाही. जे उतरेल ते सगळं थेट जिभेवर.

माझं प्रमाण असं. अर्धा लिटर पाण्याला खळखळून उकळी आणायची, गॅस बंद करायचा, मग १० ग्रॅम चहा घालायचा. तराजू नसेल तर दाणेदार चहाचे सपाट चार चमचे, पानाचा असेल तर पाच-सहा. झाकण ठेवायचं. दाणेदार चहाला तीन मिनिटं, पानाच्या चहाला चार, फार तर पाच. घड्याळ लावा, अंदाजावर सोडू नका. मग गाळायचा आणि चोथा चमच्याने दाबायचा नाही. त्या शेवटच्या दोन चमच्यांसाठी आपण सगळ्या चहात कडवटपणा ओढून आणतो. गरम असतानाच साखर. मग सुमारे ४०० ग्रॅम बर्फावर ओतून ढवळायचं. चार पेले होतात. पेल्यात वेगळे दोन-चार खडे टाकायचे आणि लिंबू पेल्यातच पिळायचं. पेल्याला दोन लहान चमचे रस पुरतो, आंबट आवडणाऱ्यांनी तीन घ्यावा.

एवढा बर्फ घरात नसतो, हे मला मान्य आहे. मग चहा गाळून झाल्यावर त्यात तेवढंच पिण्याचं गार पाणी घाला आणि मग फ्रीजमध्ये ठेवा. आधीच गार असलेल्या चहात बर्फ फारसा वितळत नाही. ३० अंशांचा पाव लिटर चहा गार करायला ७० ग्रॅमच्या आतबाहेर बर्फ पुरतो. तेवढं पाणी जिभेला कळत नाही.

प्रश्न : चहा छान लालसर, पारदर्शक झाला होता. रात्री बरणीत भरून फ्रीजमध्ये ठेवला. सकाळी बघते तर गढूळ, जणू कुणी चमचाभर दूध टाकलंय. खराब झाला समजून ओतून दिला. असं का होतं?

उत्तर : अरेरे, चांगला चहा ओतलात की!

तो नासला नव्हता. गरम पाण्यात चहातलं कॅफीन आणि रंग-तुरटपणा देणारी पॉलिफेनॉल द्रव्यं सुटी सुटी विरघळलेली असतात. पाणी गार झालं की ती एकमेकांना चिकटतात आणि त्यांचे बारीक कण तरंगू लागतात. तोच तो गढूळपणा. चहाच्या धंद्यात याला टी क्रीम म्हणतात आणि चहा चाखणारी जाणकार मंडळी ते चहात दम असल्याचं लक्षण मानतात. खात्री करायची असेल तर पुढच्या वेळी गढूळ चहाचा एक कप गरम करून बघा. पुन्हा आरपार दिसायला लागेल. नासलेला चहा असा सुधारत नाही.

तुमच्या पत्रात पुढे एक ओळ आहे, 'कडकच करून ठेवला होता, पिताना पाणी घालणार होते.' तिथेच सापडलं. चहा जितका कडक, तितके हे कण जास्त. म्हणून दुप्पट कडक चहा तसाच फ्रीजमध्ये ठेवू नये, आधी पाणी घालून नेहमीच्या कडकपणावर आणावा आणि मग ठेवावा. पाणी जड असेल, म्हणजे भांड्याला पांढरे थर धरणारं, तर त्यातलं कॅल्शियम यात भर घालतं. अशा घरी गाळण यंत्रातलं मऊ पाणी वापरून बघा, फरक दिसेल. आणि पाहुणे दारात असताना चहा गढूळ दिसलाच, तर एका बरणीला अर्धी वाटी उकळतं पाणी घालून ढवळा. बहुतेक वेळा निवळतो.

प्रश्न : काकू, लिंबू पिळलं की चहाचा रंग एकदम उडतो. लालभडक चहा पिवळट होतो. आई म्हणते, पावडरमध्ये रंग मिसळलाय. खरं आहे का?

उत्तर : आईला सांग, पावडरवर आळ नको. रंग उडणं हा चहाचा स्वभाव आहे. चहातली तांबूस-तपकिरी द्रव्यं स्वतः सौम्य आम्लधर्मी असतात. लिंबाचं तीव्र आम्ल आलं की त्यांची रूपं बदलतात आणि रंग फिका पडतो. तू प्रयोगशाळेत लिटमसचा कागद बघितला असशील, हा त्याचाच भाऊबंद. उलटा प्रयोगही कर. दुसऱ्या पेल्यात चिमटीभर खाण्याचा सोडा टाक, चहा काळपट होईल. मग त्यातच लिंबू पिळ, थोडा फसफसेल आणि पुन्हा उजळेल. हा दुसरा पेला प्यायचा नाही, चव भयंकर लागते. मी प्यायलेय.

भेसळीची शंका असेलच तर तिची परीक्षा वेगळी. पांढरा टिपकागद ओला करून त्यावर चिमूटभर चहा पसरायचा. कागदावर लगेच भडक रंगाचे ओघळ उठले तर वरून रंग दिलेला असण्याची शक्यता असते. चांगला चहा इतक्या घाईने रंग सोडत नाही.

आणि चहा काळा-निळसर, शाईसारखा झाला, तर भांडं तपासायचं. लोखंड आणि चहातली तुरट द्रव्यं भेटली की काळा रंग तयार होतो. शेकडो वर्षं लिहायची शाई याच मेळातून करत आले. म्हणून हा चहा करायला स्टील किंवा काच. कल्हई नसलेलं तांब्या-पितळेचं भांडं लिंबासाठी मुळीच नको.

प्रश्न : दुसऱ्या दिवशी पाहुणे येणार म्हणून आदल्या रात्रीच लिंबाच्या चकत्या घालून मोठा जग भरून ठेवला. सकाळी इतका कडू की कुणाला देता येईना. चहा मुरवायची वेळ मी मोजून चार मिनिटंच ठेवली होती.

उत्तर : चहा बिचारा निर्दोष आहे. तुमच्या चकत्यांनी घात केला, आणि हा घात माझाही झालेला आहे. बऱ्याच वर्षांपूर्वी नणंदेच्या घरी मोठं कार्य होतं. चहाचं मी अंगावर घेतलं. मासिकातल्या चित्रात दिसतात तशा गोल चकत्या, त्यावर पुदिन्याची पानं, काचेचे दोन जग रात्रीच सजवून ठेवले. सकाळी नणंदेच्या सासऱ्यांनी पहिला घोट घेतला आणि अत्यंत सभ्यपणे विचारलं, 'हे औषध जेवणाआधी घ्यायचं की नंतर?'

लिंबाची गंमत अशी आहे. सालीखालचा पांढरा गर आणि बिया यांत एक द्रव्य असतं. ते असतं तसं कडू लागत नाही. पण लिंबू कापलं, ते आंबट रसात बुडून राहिलं, की काही तासांत त्याचं लिमोनिन होतं आणि लिमोनिन अत्यंत कडू. म्हणून ताजा रस छान लागतो आणि तोच जग सकाळी तोंड वाकडं करायला लावतो. याला उपाय नाही, साखर ओतूनही कडवटपणा पुरता झाकला जात नाही.

म्हणून मी गेल्या वेळी जे धड लिहिलं नाही ते आता लिहिते. लिंबू सगळ्यात शेवटी. फ्रीजमध्ये ठेवायचा तो गोड चहा, लिंबाविना. रस प्यायच्या वेळी, बिया गाळून. चकती हवीच असेल तर पेल्याच्या कडेला खोचा, बुडवून ठेवू नका. पुदिनाही आयत्या वेळी. पानं तळहातावर ठेवून एकदा टाळी वाजवा, तेवढ्याने सुगंध सुटतो. खलबत्त्यात ठेचलीत तर गवताचा वास येतो.

प्रश्न : साखर कितीही ढवळली तरी तळाशी बसते. वरचा चहा आळणी, शेवटचा घोट सरबत.

उत्तर : हाच माझा उलटा लिहिलेला क्रम. 'गार करा, साखर घाला' असं मी लिहून गेले, त्याबद्दल कान पकडते. गार पाण्यात साखर विरघळत नाही असं नाही, एक पेलाभर गार पाण्यातही पेल्यापेक्षा जास्त वजनाची साखर मावते. फक्त ती इतकी सावकाश विरघळते की तोवर पिणाऱ्याचा धीर सुटतो.

सगळ्यांना सारखंच गोड चालणार असेल तर चहा गरम असतानाच साखर घाला. पण घरात एकाला गोड, एकाला फिकं आणि एकाला अजिबात नको असं असतं, म्हणून मी पाक करून ठेवते. साखर आणि पाणी सारख्या वजनाने घ्यायचं, साखर विरघळेपर्यंत गरम करायचं, बस. तार वगैरे काही बघायची नाही. स्वच्छ कोरड्या बाटलीत भरून फ्रीजमध्ये दोन-तीन आठवडे राहतो. एक मोठा चमचा पाकात साधारण दोन लहान चमचे साखर असते. पेल्याला एक ते दीड मोठा चमचा.

एक सावधगिरी मात्र हवी. गार पेय जिभेला कमी गोड लागतं. गोडाची खबर मेंदूकडे पोचवणारी जिभेवरची यंत्रणा थंडीत मंदावते. हाच चहा कोमट असताना चाखलात तर 'अगं बाई, केवढा गोड' म्हणाल. याचा अर्थ असा की गार चहात आपल्या नकळत जास्त साखर जाते. चव नेहमी गार झाल्यावर बघा, पण चमचे मोजून घाला.

मध घालणाऱ्या दोघींना एकत्र उत्तर. चहा कोमट असताना घाला, बर्फावर मध घातलात तर तो गोळा होऊन तळाशी बसतो.

प्रश्न : मी वसतिगृहात राहते. खोलीत शेगडीला परवानगी नाही, पण मजल्यावर सगळ्यांचा मिळून एक फ्रीज आहे. मैत्रीण म्हणते, बाटलीत पाणी आणि चहा घालून गच्चीवर उन्हात ठेव, आपोआप होतो. करू का?

उत्तर : अगं, उन्हाचं नको. फ्रीज आहे ना, मग उन्हाची गरजच काय?

उन्हात ठेवलेलं पाणी फार तर ५०-५५ अंशांपर्यंत तापतं. वाळलेल्या पत्तीवर किंवा बाटलीच्या बुडाशी जंतू असतील तर ते एवढ्या उष्णतेने मरत नाहीत, उलट त्यांना उबदार अंथरूण मिळतं. साधारण ५ ते ६० अंश हा जंतूंच्या वाढीचा पट्टा समजला जातो आणि तुझी बाटली तासन्‌तास त्याच पट्ट्यात बसलेली असेल. असा चहा कधी बुळबुळीत किंवा तार सुटणारा दिसला तर चाखूनही बघू नकोस.

त्याऐवजी झोपताना एक लिटर पिण्याच्या गार पाण्यात ८ ते १० ग्रॅम पानाचा चहा टाक, पिशवीवाला असेल तर चार-पाच पिशव्या, झाकण लाव आणि फ्रीजमध्ये ठेवून दे. सकाळी, म्हणजे आठ-दहा तासांनी, गाळून घे. गार पाण्यात तुरट द्रव्यं आणि कॅफीन कमी उतरतं, त्यामुळे हा चहा मऊ, जरा गोडसरच लागतो आणि सहसा गढूळही होत नाही. खरं सांगू का, या आठवडाभरात मी केलेल्या सगळ्या चहांमध्ये मला हाच सर्वांत आवडला. दम कमी आहे, पण लिंबाला जागा देतो. इथे पाणी उकळत नाही, म्हणून पाणी पिण्याचंच हवं आणि बाटली साबणाने धुतलेली हवी. बाटलीवर नाव आणि तारीख लिही. दोन दिवसांत संपव. सगळ्यांच्या फ्रीजमध्ये तो दोन तास तरी टिकेल का, हा प्रश्न माझ्या विषयाबाहेरचा.

प्रश्न : लिंबाचा गार चहा दुधाचाही करता येतो का?

उत्तर : नाही. लिंबाने दूध फाटतं. दोघांपैकी एकाला बोलवा.

प्रश्न : गरम चहा काचेच्या जगात ओतला आणि जग तडकला. जग जाड काचेचा, चांगला मजबूत होता.

उत्तर : मजबूत होता म्हणूनच तडकला. जाड काचेची आतली बाजू गरम होऊन फुगते, बाहेरची अजून गारच असते, आणि या ओढाताणीत काच तुटते. पातळ काच दोन्हीकडून लवकर सारखी तापते. आधीच बर्फ भरलेल्या जगात उकळता चहा ओतणं म्हणजे तर काचेशी वैरच. प्रयोगशाळेत वापरतात तसल्या उष्णता सोसणाऱ्या काचेचा जग असेल तर गोष्ट वेगळी, पण तोसुद्धा मी भरवशावर सोडत नाही. चहा आणि बर्फाची भेट स्टीलच्या पातेल्यात घडवा, गार झाल्यावर जगात ओता. गरम चहाचं पातेलं घेऊन ओट्याशी लहान मूल नको, हे सांगायला नकोच.

प्रश्न : सत्तरी ओलांडली आहे. गरम चहा कमी केला, म्हणून मुलगा हा गार चहा करून देतो. दिवसभर घोट घोट पीत असतो, तीन-चार मोठे पेले सहज होतात. पूर्वी एकदा मूतखडा झाला होता. चालेल ना?

उत्तर : दादा, गार केला म्हणून तो सरबत होत नाही, चहाच राहतो. मी डॉक्टर नाही. मूतखड्याचं तुम्ही तुमच्या डॉक्टरांना विचाराच, आणि विचारताना 'चहा घेतो' असं मोघम नको, 'एवढे मोठे पेले घेतो' असं सांगा. कारण सांगते. चहात ऑक्झलेट असतं आणि मूतखड्याचा नेहमीचा प्रकार कॅल्शियम ऑक्झलेटचाच. लिंबातलं सायट्रेट खडा धरण्याला विरोध करतं हे खरं, पण पेल्यातल्या दोन चमचे रसाच्या जिवावर चार पेले चहा पिऊ नये. २०१५ साली 'न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन' या वैद्यकीय नियतकालिकात अमेरिकेतल्या एका माणसाची हकीकत आली होती. तो रोज आठ औंसांचे सोळा पेले, म्हणजे पावणेचार लिटरच्या वर गार चहा पीत असे आणि त्याची मूत्रपिंडं निकामी झाली. तुम्ही त्याच्या जवळपासही नाही, घाबरू नका. पण गार चहा पाण्यासारखा घटाघट जातो आणि म्हणून मोजमाप सुटतं, एवढं लक्षात ठेवण्यासारखं आहे.

दुसरं, झोप. एका कपभर चहात साधारण ४० ते ५० मिलिग्रॅम कॅफीन असतं, तुमचा मोठा पेला म्हणजे त्याहून जास्त. संध्याकाळनंतर नको. (गरोदर बाईला दिवसाला २०० मिलिग्रॅमच्या आत राहायला सांगतात, त्यात कॉफी आणि चॉकलेटही मोजायचं. हे दुसऱ्या एका पत्राचं उत्तर.) तिसरं, रक्त कमी असेल, लोहाच्या गोळ्या चालू असतील, तर जेवणाच्या आणि गोळीच्या आगेमागे तासभर चहा टाळा. चहातली तीच तुरट द्रव्यं लोहाला धरून बसतात.

आणि चौथं, जे कुणी विचारत नाही ते दात. दिवसभर घोट घोट म्हणजे दिवसभर दातांना लिंबाचं आम्ल आणि साखर. एका बैठकीत पेला संपवा, वर साध्या पाण्याने चूळ भरा. लगेच ब्रश मात्र करू नका, आम्लाने मऊ पडलेला दाताचा थर घासला जातो. उन्हात तहान लागली की आधी पाणी प्या. चहा नंतर, मजेसाठी.

प्रश्न : गार चहाचा शोध १९०४ साली अमेरिकेतल्या सेंट लुईसच्या जागतिक प्रदर्शनात लागला, असं मी एका स्पर्धेत उत्तर लिहिलं. परीक्षकांनी चूक दिलं. तुमचं काय मत?

उत्तर : परीक्षक बरोबर, पण तुमचं उत्तर इतकं प्रचलित आहे की निम्मे गुण द्यायला हरकत नव्हती. गोष्ट अशी सांगतात की त्या प्रदर्शनात रिचर्ड ब्लेचिंडेन नावाचे गृहस्थ गरम चहाचा प्रचार करत होते, उकाड्यात कुणी फिरकेना, तेव्हा त्यांनी चहात बर्फ घातला आणि झुंबड उडाली. झुंबड उडाली असेल. पण १८७० च्या दशकातल्या अमेरिकन पाककृतींच्या पुस्तकांत बर्फ घातलेला चहा आधीच छापलेला आहे, लिंबासकट. प्रदर्शनाने तो गाजवला, जन्माला घातला नाही.

प्रश्न : विकतच्या बाटलीतल्या चहाला लिंबाचा जो घमघमाट असतो तो घरी येत नाही. रस वाढवला तर नुसता आंबट होतो.

उत्तर : कारण लिंबाचा वास रसात फार थोडा असतो, तो असतो सालीत. सालीवर बारीक ठिपके दिसतात ना, त्या तेलाच्या पिशव्या. आपण रस काढतो आणि सुगंध कचऱ्यात टाकतो.

लिंबू पिळायच्या आधी धुऊन, पुसून, बारीक किसणीवर नुसती वरची रंगीत साल किसा. पांढरं दिसलं की थांबा आणि लिंबू फिरवा, पांढऱ्याचं काय होतं ते वर वाचलंतच. हा कीस दोन चमचे साखरेत घालून बोटांनी चांगला चोळा आणि झाकून तासभर ठेवा. साखरेचे कण साल खरवडतात, तेल शोषून घेतात आणि साखर ओलसर होते. झाकण उघडलंत की स्वयंपाकघरभर वास. हीच साखर गरम चहात विरघळवून चहा पुन्हा गाळून घ्या, म्हणजे कीस त्यात राहत नाही. दोन लिंबांची साल चार पेल्यांना पुष्कळ होते.

लिंबू पिळताना आणखी एक. फ्रीजमधलं लिंबू दगडासारखं असतं. आधी बाहेर काढून ठेवा, मग ओट्यावर तळहाताने दाबून लाटल्यासारखं फिरवा आणि मगच कापा. रस सहज आणि जास्त निघतो.

प्रश्न : आजी, मी दहा वर्षांचा आहे. उरलेला चहा बर्फाच्या ट्रेमध्ये ओतला आणि चहाचा बर्फ केला. ताई म्हणते वेडेपणा आहे. आहे का?

उत्तर : ताईला म्हणावं, पहिलं पत्र पुन्हा वाच. ज्या बाईंचा चहा पाणचट होतो त्यांना मी सत्तावीस ओळींत जे सांगितलं, ते तू एका ट्रेमध्ये केलंस. चहाचा बर्फ वितळला तरी चहाच होतो. फक्त ट्रेला झाकण ठेव, नाहीतर बर्फ फ्रीजरमधले सगळे वास ओढून घेतो. माझ्या बर्फाला परवा लसणाचा वास आला होता. आणि तुझ्या वयाला चहा थोडाच, तोही दिवसाउजेडी. उरलेले खडे आजोबांच्या पेल्यात.